फक्कीचं घर

आजच्या कार्यक्रमाचे अध्यक्ष आणि आपल्या बँकेचे चेअरमन आदरणीय रखमाजीअण्णा, व्यासपीठावरचे सर्व संचालक, वेल्हे शाखेचे व्यवस्थापक साहेब, ज्यांच्यासाठी आपण सगळे कामं टाकून भोरला आलो ते आज निवृत्त होणारे सत्कारमूर्ती शफीभाई आतार, त्यांच्या शेजारी नव्या शालीचं टोक सारखं सावरत बसलेल्या आमच्या बद्रुन्निसाभाभी, आणि समोर बसलेल्या भोर-वेल्ह्याच्या माझ्या बंधूंनो आणि भगिनींनो, तुम्हां सर्वांना माझा नमस्कार.

मला बोलायला उभं केलंय ते कर्जदारांच्या वतीनं. माझ्या आधी ठेवीदारांच्या वतीनं जे गृहस्थ बोलले त्यांचं भाषण मोठं ऐटीत झालं. ठेवीदाराला ऐट शोभते. कर्जदारानं कोणत्या आवाजात बोलावं हे मला शेवटपर्यंत ठरवता आलं नाही. मी मार्गासनीच्या शाळेत शिकवते, म्हणजे मला सवय आहे ती मुलांसमोर बोलायची. मुलं मध्येच उठून पाणी प्यायला जातात. तुम्हालाही जावंसं वाटलं तर खुशाल जा, मला राग येणार नाही.

शफीभाईंच्या कामाबद्दल मघाशी व्यवस्थापक साहेब पुष्कळ बोलले. सचोटी, वक्तशीरपणा, मनमिळाऊ स्वभाव. सगळं खरं आहे. पण साहेब, एक गोष्ट तुम्ही शिताफीनं गाळलीत. फक्कीची! (हसू नका अण्णा, तुमचंही नाव येणार आहे.)

नव्या मंडळींसाठी सांगते. शफीभाई वेल्ह्याच्या शाखेत घरकर्जाचं काम बघायचे. कर्ज मंजूर झालं की बँकेचा माणूस जागा बघायला येतो, ही रीत सगळीकडेच आहे. शफीभाई मात्र मुद्दाम भूमिपूजनाच्या दिवशी यायचे, आणि त्यांच्या एम-एटी गाडीच्या मागच्या कॅरिअरला फक्कीची गोणी बांधलेली असायची. फक्की म्हणजे तीच ती चुन्याची पांढरी भुकटी, पाया खणायच्या आधी गवंडी जिच्या रेघा मारतो. नारळ फुटला, पेढा वाटून झाला की शफीभाई शेजारच्या मोकळ्या जागेत जायचे आणि मुठीनं फक्की सोडत अजून एक घर आखायचे. त्याच मापाचं. आखून झालं की घरमालकाला म्हणायचे, "तुम्ही चार लाख घेताय. वीस वर्षांत आठ लाखांच्या वर भरताय. चारात हे तुमचं घर झालं. वरच्या चारात जे झालं असतं, ते हे. हे कुणी बांधणार न्हाई. पण पैसं ह्याचंबी तुमीच देणार. नीट बघून ठेवा."

बस. एवढं सांगून गोणी झटकून निघून जायचे.

लोकांना हे आवडायचं का? शुभकार्याच्या दिवशी हे असलं कुणाला आवडेल? कुणी म्हणे अपशकुन, कुणी म्हणे डोक्यावर परिणाम झालाय. आमच्या गावच्या गेनूआबांच्या घराशेजारी हातभर जागा मोकळी नव्हती, तर या माणसानं त्यांचं दुसरं घर डांबरी रस्त्यावर आखलं. तेवढ्यात वेल्ह्याची एसटी आली आणि दोन खोल्यांवरून निघून गेली. गेनूआबा ओरडले, "आवं शफीभाई, माझं सैपाकघर नेलं की त्यानं!" त्यानंतर 'शफीभाईचं घर पडलं का?' असं आमच्याकडं लोक एकमेकांना चेष्टेनं विचारायला लागले. घर बांधायला काढलं का, एवढाच त्याचा अर्थ. आणि रखमाजीअण्णा, तुम्ही त्यांना केबिनमध्ये बोलावून काय म्हणालात ते आख्ख्या शाखेनं ऐकलं होतं. "आतार, तुम्ही लोकांना कर्ज देता का भूत दाखवता?"

शफीभाईंनी काय उत्तर दिलं हे मला कुणी सांगितलं नाही. आज त्या भुताबद्दलच बोलायचं मी ठरवलंय. निरोपाच्या कार्यक्रमाला विषय जरा वेगळा आहे, पण माझ्याकडं शफीभाईंबद्दल दुसरं काही सांगण्यासारखं नाही, आणि हे सांगितलं नाही तर मी आभार कशाचे मानतेय ते तुम्हाला कळणार नाही.

आमचं घर दोन हजार चार साली झालं. मार्गासनीत, वेल्ह्याच्या रस्त्याला, तीन खोल्या. घरात आम्ही चौघं. मी, माझे यजमान धनाजी, मुलगी प्रेरणा आणि माझ्या सासूबाई सखूबाई, ज्यांना मी आत्या म्हणते. माझी शाळा तेव्हा विनाअनुदानित होती, पगार नावाला होता. हप्ता साडेतीन हजारांच्या आसपास. तो निघावा म्हणून यजमानांनी गुजरातेत कांडला बंदरावर क्रेन चालवायचं काम धरलं. ठरलं असं, की चार-सहा वर्षं तिकडं काढायची, जमेल तसे जास्तीचे भरायचे, कर्ज आवाक्यात आलं की कायमचं घरी यायचं. घर झालं की माणूस घरी. एवढा साधा हिशोब होता तो.

भूमिपूजनाला यजमान सुट्टी काढून आले आणि पूजा उरकून दुपारच्या गाडीनं परतले. शफीभाई आले तेव्हा यजमानांची गाडी सुटलेली होती. हे लक्षात ठेवा. फक्कीचं ते घर आखताना यजमानांनी पाहिलेलं नाही.

शफीभाईंनी आमच्या पूर्वेच्या मोकळ्या जागेत आखायला सुरुवात केली. आत्या कमरेवर हात ठेवून बघत होत्या.

"आता आनि काय? गवंड्यानं आखलंय की."

"ते तुमचं मावशी. हे बँकेचं."

"बँक हितं राहायला येनार व्हय?"

"न्हाई मावशी. हितं कुणीच न्हाई राहायचं."

सगळं आखून झालं. शफीभाई गोणी झटकायला लागले, तर आत्या म्हणाल्या, "आवं, दार कुठंय?"

"दार?"

"घर म्हनल्यावर दार नगं? का भितीतनं जायाचं मान्सानं?"

शफीभाई जरा थांबले. मला आठवतं, ते थांबले होते. असं त्यांना आजवर कुणी विचारलं नव्हतं. मग त्यांनी हसून चपलेच्या टाचेनं आमच्या बाजूची रेघ हातभर पुसली आणि म्हणाले, "घ्या, केलं दार."

या तालुक्यांत शफीभाईंनी किती तरी घरं आखली असतील. दार असलेलं ते एकच.

आता पुढचं सांगताना मला थोडं जपून बोलावं लागेल, कारण मी शिकलेली बाई आहे आणि समोर माझ्या शाळेचे पालक बसले आहेत. मी फक्त काय झालं ते सांगते.

आमचं घर उभं राहिलं, आम्ही राहायला गेलो. फक्की पावसानं धुऊन गेली. पण गवत आलं तेव्हा रेघांवर ते आलं नाही. चुन्याखालची माती तेवढी उघडी राहिली आणि ते दुसरं घर हिरव्यात उठून दिसायला लागलं, खोल्यांसकट. त्यात नवल काही नाही, चुन्यानं असं होतं म्हणतात. आत्यांनी मात्र त्या दिवसापासून तिकडं खरकटं पाणी फेकणं बंद केलं. मिरच्या वाळत घालायच्या त्या अलीकडं. झाडताना रेघेपाशी आल्या की केरसुणी उचलायच्या. आमच्या कोंबड्याही तिकडं दाणे टिपायला जायच्या, पण जायच्या त्या दारातून. एकामागं एक. मी प्रेरणाला म्हटलं, "बघ गं, कशा शहाण्या आहेत." ती म्हणाली, "आजीनं लावलीय सवय." लावली असेल. मी कधी आत्यांना कोंबड्या हाकताना बघितलं नाही.

दुसऱ्या वर्षी दिवाळीनंतर एकदा, मी शाळेतून येऊन चहा टाकत होते. उजेड होता अजून. आत्या ओट्यावरून म्हणाल्या, "धनाजी खोकतोय गं तिकडं. काढा कर."

मी म्हटलं, "आत्या, ते कांडल्याला आहेत."

"ठावं हाय मला कांडला. तू काढा कर."

म्हाताऱ्या माणसाशी वाद कशाला, म्हणून मी आलं-गवती चहाचा काढा केला. आत्यांनी तो भांड्यात घेतला, तिकडं गेल्या, त्या पुसलेल्या हातभर जागेत खाली ठेवला आणि परत आल्या. सकाळी भांडं रिकामं होतं. मांजर असेल, कुत्रं असेल. रविवारी यजमानांचा फोन आला. बोलता बोलता म्हणाले, "मधे लई खोकला झालता. गेला आपोआप."

"औषध घेतलंत?"

"न्हाई गं. पर तोंडाला सारखी आल्याची चव येत व्हती. हितं कुठलं आलं?"

मी हे कुणालाही सांगितलं नाही. आत्यांनाही नाही. पण तेव्हापासून माझ्या एक लक्षात यायला लागलं. यजमान वर्षातून दोनदा घरी यायचे तेव्हा ते पाहुण्यासारखे वागायचे. दिव्याचं बटण कुठं ते विचारायचे. मोरीत जायला निघायचे आणि स्वयंपाकघरात यायचे. मी म्हणायचे, चार दिवसांसाठी माणूस घरात येतो, होतं असं. रात्री त्यांना झोप लागायची नाही, आणि परत जाताना ते सुटल्यासारखे वाटायचे. आपल्या घरातून कुणी असं जातं का हो? जिथं जायचं तिथं आपलं अंथरूण घातलेलं आहे अशा पायांनी?

मध्यंतरी बँकेच्या फळ्यावर व्याजदर वाढल्याची सूचना लागली. आमचा दर बदलता होता. मी घाबरून काउंटरवर विचारलं, तर तिथले भाऊ म्हणाले, "बाई, तुमचा हप्ता तोच आहे. काळजी करू नका." मला इतका आनंद झाला की मी तिथल्या तिथं पेढे मागवून वाटले. त्या दिवशी शफीभाई रजेवर होते. पुढं दर आणखी दोन-तीनदा वाढला. हप्ता तोच. आमच्याकडं सगळ्यांचंच असं झालं. हप्ता तोच ना, मग बिघडलं काय? दर महिन्याला खिशातून जातं तेवढंच आपल्याला दिसतं. ते किती वर्षं जात राहणार, हे खिशाला कसं दिसावं?

मग दोन हजार आठचा भाद्रपद आला. मी गौरींची तयारी करत होते. आत्यांनी बाहेरून हाक मारली. आवाज नेहमीचा नव्हता.

"सूनबाय, हिकडं ये. एक खोली वाढलीया."

मी गेले. गवत गुडघ्याएवढं झालं होतं. त्यात आखलेल्या तीन खोल्या नेहमीसारख्या दिसत होत्या. आणि त्यांच्या पलीकडं, पार बांधाच्या दिशेनं, अजून एक खोली होती. रेघा सरळ. कोपरे काटकोनात. तिथली माती तशीच उघडी, त्याच रुंदीची. मी खाली बसून चिमूटभर माती उचलली. बोटांना पांढरं लागलं.

"कुणी तरी पोरांनी केलं असेल आत्या."

"कंच्या पोरानं? आनि बघ, ह्या खोलीला दार न्हाई."

मी सगळ्या बाजूंनी फिरले. दार नव्हतं. मधल्या भिंतीतही नव्हतं, बाहेरही नव्हतं.

दुसऱ्या दिवशी मी वेल्ह्याला गेले आणि शफीभाईंसमोर जाऊन बसले. पासबुक टेबलावर ठेवलं. म्हटलं, "शफीभाई, तुम्ही मधे आमच्याकडं येऊन गेलात का? एक खोली जास्तीची दिसतेय." मला वाटलं हसतील. ते हसले नाहीत. त्यांनी आमचं खातं काढायला सांगितलं, पानं पुढंमागं करून बघितलं, आणि चष्मा काढून ठेवला.

"बाई, तुमी हप्ता बघितला. मुदत बघितली का?"

"मुदत वीस वर्षं. त्यातली चार झाली."

"राहिली किती?"

"सोळा."

"न्हाई बाई. तीसच्या घरात राहिलीत."

मग त्यांनी मला, मी मुलांना समजावते तसं, समजावलं. दर वाढला की बँकेपुढं दोन वाटा असतात. एक तर हप्ता वाढवायचा, नाही तर वर्षं वाढवायची. आमची वर्षं वाढवली होती. चार वर्षांत आम्ही दीड लाखाच्या वर भरले होते आणि मूळ चार लाखांतले फिटले होते जेमतेम पंचवीस-तीस हजार. आता तर हप्त्यातला बहुतेक सगळा पैसा व्याजातच जात होता. मुद्दलाला लागायचा तो नखाएवढा. दर अजून थोडा चढला असता तर तोही लागला नसता. मग ते कर्ज कधीच संपलं नसतं.

"म्हंजे वरचं घर आता एक न्हाई राहिलं," शफीभाई म्हणाले. "वाढत चाललंय ते."

मी मनातल्या मनात यजमानांचं वय मोजलं. तीस वर्षांनी ते सत्तरी ओलांडलेले असणार. कर्ज आवाक्यात आलं की घरी येतो, असं ते म्हणाले होते. मला तेव्हा पैशाची भीती वाटली नाही, खरंच सांगते. मला वाटलं, हा माणूस आता येत नाही. कांडल्याहून येत नाही, आणि जिथं कुठं आहे तिथूनही येत नाही.

त्याच संध्याकाळी शफीभाई आमच्याकडं आले. चपला काढून गवताच्या कडेला उभे राहिले. रेघेच्या आत पाय टाकला नाही. पहिल्या तीन खोल्या त्यांनी बोट दाखवून मोजल्या. चौथीकडं बघत राहिले आणि हळूच म्हणाले, "बाई, ही खोली माझी न्हाई. मी न्हाई आखली."

शफीभाई, तुम्हाला आठवतं का? चपला हातात घेऊन तुम्ही रस्त्यापर्यंत अनवाणीच गेलात.

उपाय एकच होता. एकरकमी मुद्दल भरायचं. सोनं होतं ते घराच्या छपरात गेलं होतं. राहिली होती ती पूर्वेची मोकळी जागा. पुण्याचे एक गृहस्थ त्या पट्ट्याला अडीच लाख द्यायला तयार होते. तेवढे भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर तीस वर्षांचं कर्ज चार वर्षांच्या आत संपत होतं. ते आकडे मी शाळेच्या फळ्यावर तीनदा करून पडताळले. आणि तेवढा हप्ता यजमानांना इकडंच नसरापूरला जेसीबी चालवूनही भरता आला असता.

पण जागा आत्यांच्या नावावर होती. आत्या सही करेनात.

"मी न्हाई इकायची. माझं लेकरू राहतंय तिथं. तुमी घर इकल्याव त्यो कुठं जाईल?"

मी समजावलं, प्रेरणानं समजावलं. प्रेरणा रडली, म्हणाली, "आजी, बाबा तिकडं नाहीत, ते कांडल्याला आहेत." आत्या म्हणाल्या, "कांडल्याला हात हाईत त्याचं. बाकीचा हितं हाय." आणि खरं सांगू? मला ते चुकीचं वाटेना.

शेवटी शफीभाई बोलले. दुसरा कुणी असता तर म्हणाला असता, मावशी, असं काही नसतं. ते तसं म्हणाले नाहीत. ओट्यावर आत्यांच्या शेजारी बसले आणि म्हणाले, "मावशी, आधी त्याला हिकडं बोलवू. मग इकू."

"येईल का त्यो?"

"आईनं बोलवल्याव न्हाई येणार? दार तुमीच करून घेतलं व्हतं की."

दिवेलागणीची वेळ होती. मी चूल पेटवली. गॅस होता, पण आत्यांनी चूलच पेटव म्हणून सांगितलं. शफीभाई डोक्याला रुमाल बांधून बाजूला उभे राहिले. आत्या त्या पुसलेल्या हातभर जागेपाशी गेल्या, आत डोकावल्या, आणि लहान मुलाला खेळातून बोलवावं तशा म्हणाल्या, "धनाजी, चल बाबा. तिकडं चूल पेटलीया. चल."

मग वळल्या आणि मागं न बघता चालत आल्या. हळूहळू, मागचा मागं पडू नये अशा चालीनं. ओट्यावर चढल्या, उंबरा ओलांडला, आणि दार धरून थोडा वेळ तशाच बाजूला उभ्या राहिल्या. कुणाला तरी आत यायला वाट द्यावी तशा. चुलीतला जाळ एकदा वाकला आणि सरळ झाला.

शफीभाईंनी कुदळ घेतली आणि तीनही खोल्यांच्या रेघा उकरून मोडल्या. चौथीपाशी आले आणि थांबले. "ही मी आखलेली न्हाई," म्हणाले, "मला मोडता यायची न्हाई." ती तशीच राहिली. जागा विकली तेव्हा तिच्यासकट गेली. आता तिथं तारेचं कुंपण आहे.

तर मंडळी, पैसे भरले. मुदत उतरली. चार-पाच महिन्यांतच, या वर्षी संक्रांतीला, यजमान कायमचे घरी आले. हे सगळं ज्यांच्यामुळं झालं ते इथं हार घालून बसले आहेत, आणि तो हार त्यांना टोचतोय हे मला इथून दिसतंय. मी इथं थांबावं हे बरं. भाषणं अशाच ठिकाणी थांबतात.

पण शफीभाई, तुम्ही मला नेहमी मुदत विचारायला शिकवलंत, म्हणून पुढचंही सांगते.

पहिल्या दिवशी मी पानं घेतली. यजमान जेवायला बसले. दोन घास खाल्ले, इकडं-तिकडं बघितलं आणि सहज म्हणाले, "एक खोली कमी का वाटतीया? पूर्वेच्या अंगाला व्हती ती?"

आत्यांनी माझ्याकडं बघितलं. स्वयंपाकघरात आल्यावर कानाशी म्हणाल्या, "समदा न्हाई आला गं."

मी यजमानांना फक्कीबद्दल काही सांगितलेलं नाही. आत्यांनीही नाही, प्रेरणानंही नाही. आज पहिल्यांदा सांगतेय, कारण ते या सभागृहात बसले आहेत, मागच्या रांगेत, भिंतीकडंच्या खुर्चीवर. मला वाटलं, माझ्या तोंडून एकट्यानं ऐकण्यापेक्षा चार माणसांत ऐकलेलं बरं.

हल्ली संध्याकाळी आम्ही ओट्यावर बसतो आणि ते मला त्या खोलीबद्दल सांगतात. मी विचारते, ते सांगतात. तिथं एक खुंटी होती, तिला त्यांचा शर्ट असायचा. भिंतीला ओल होती. कोपऱ्यात पाण्याचं मडकं होतं. तिथून आमच्या बोलण्याचा आवाज यायचा, प्रेरणाचे पाढे ऐकू यायचे, शब्द मात्र कळायचे नाहीत. मी घाई करत नाही. जेवढं ते सांगतात तेवढे ते माझ्याजवळ येतात असं मला वाटतं. ही माझी समजूत असेल. कर्जाची रक्कम, व्याज, मुदत हे सगळं आज मला करून दाखवता येईल, शफीभाईंची कृपा आहे. पण एका माणसाची किती वर्षं कुठं राहून गेली, ती कशी फेडतात, हे मला कुणी शिकवलेलं नाही. इथं बसलेल्यांत ज्यांनी कर्ज काढलंय, जे काढणार आहेत, त्यांनी एवढंच करा. हप्ता विचारलात की मुदतही विचारा. दर वाढला की पुन्हा विचारा. हातात चार पैसे आले की मुद्दलात भरा. आणि घरी गेल्यावर घरातली माणसं आहेत का ते एकदा नीट बघा.

अध्यक्ष महाराज, आपण मला वेळ दिलात, माझा आगाऊपणा ऐकून घेतलात, त्याबद्दल आभारी आहे. बद्रुन्निसाभाभी, इतकी वर्षं आमच्या घरांसाठी तुमच्या घरी जो माणूस उशिरा आला, तो आता वेळेवर येईल. त्याला परत केल्याची नोंद मी सगळ्या कर्जदारांच्या वतीनं इथं करते. शफीभाई, तुम्हाला भरपूर आयुष्य लाभो आणि तुमच्या हातून फक्की सुटो. बोलण्याच्या ओघात कुणाचं मन दुखावलं असेल, मान-पान चुकला असेल, किंवा निरोपाच्या दिवशी बोलू नये ते बोलले असेन, तर या बहिणीला समजून घ्या.

एकच राहिलं. परवा न राहवून मी यजमानांना विचारलं. ते माझ्या शेजारीच बसले होते, खांद्याला खांदा लागत होता. म्हटलं, "अहो, आता आलात ना तुम्ही?"

ते समोर, त्या तारेच्या कुंपणाकडं बघत होते. म्हणाले, "येतोय गं. वाटंत हाय."

धन्यवाद.